बार्ट सिम्पसनचा आवाज एका बाईचा: कार्टूनमागचा गळा, त्याचा मोबदला आणि एआय क्लोनिंग

शिनचॅन म्हणजे पाच वर्षांचा वांड पोरगा, गोकू तगडा लढवय्या आणि बार्ट सिम्पसन दहा वर्षांचा उपद्व्यापी मुलगा. या तिघांत साम्य काय? मूळ मालिकांमध्ये तिघांचाही आवाज बाईचा आहे. जपानी शिनचॅनला १९९२ पासून २०१८ पर्यंत अकिको याजिमा यांनी आवाज दिला. गोकूला मासाको नोझावा देतात आणि बार्टला नॅन्सी कार्टराइट. आपल्याकडची मुलं जो हिंदी डोरेमॉन ऐकत मोठी झाली, तो आवाजही सोनल कौशल यांचा.

या विषयावर बोलायला लागलो की मला हमखास एकच प्रश्न विचारला जातो: "आता एआय हुबेहूब आवाज काढतंय, मग या कलाकारांची गरजच काय?" प्रश्न वाजवी आहे. पण त्याचं उत्तर द्यायचं तर आधी हे काम नेमकं कसं चालतं आणि त्याचे पैसे कशाचे मिळतात, ते समजून घ्यायला हवं. त्यासाठी मी नॅन्सी कार्टराइट यांचं एकच उदाहरण घेणार आहे. १९८७ पासून त्या एकाच पात्राचा आवाज आहेत, आणि त्यांच्या मानधनाचे वाद जाहीरपणे झाल्यामुळे हा धंदा आपल्याला आकड्यांसकट बघता येतो.

मुलाचा आवाज बाई का काढते?

पहिलं कारण अगदी व्यवहाराचं. मुलगे मोठे होतात. तेराव्या-चौदाव्या वर्षाच्या आसपास आवाज फुटतो आणि निर्मात्याला नवा मुलगा शोधावा लागतो. बार्ट मात्र पस्तीसहून जास्त वर्षं दहा वर्षांचाच आहे! शिवाय लहान मुलांना किती तास काम करायला लावायचं यावर कायद्याची बंधनं असतात. मोठ्या बाईला तीच ओळ वीस वेळा म्हणायला सांगता येतं.

दुसरं कारण शरीराचं आहे. त्यासाठी तंबोरा डोळ्यांसमोर आणा. तार छेडली की सूर निघतो आणि भोपळ्यामुळे त्या सुराला घुमारा आणि रंग येतो. आपल्या गळ्यातले स्वरतंतू म्हणजे तार. घसा, तोंड आणि नाक यांची पोकळी म्हणजे भोपळा. पुरुषाचे स्वरतंतू बोलताना सेकंदाला साधारण १०० ते १३० वेळा थरथरतात, स्त्रीचे २०० च्या आसपास आणि दहा वर्षांच्या मुलाचे २५० च्या आसपास. भोपळाही पुरुषाचा मोठा, बाईचा त्याहून लहान आणि मुलाचा आणखी लहान. म्हणजे तार आणि भोपळा दोन्ही बाबतीत बाई मुलाच्या जवळ असते. राहिलेलं अंतर ती स्वरयंत्र थोडं वर उचलून, ओठ ताणून, जिभेची जागा बदलून कापते.

"मग पुरुषाचा आवाज सॉफ्टवेअरने बारीक करा की!" हे मी ऑडॅसिटी या मोफत सॉफ्टवेअरमध्ये करून पाहिलं. माझंच एक वाक्य रेकॉर्ड केलं आणि साध्या पिच बदलाने वर सरकवलं. निघाला तो मुलगा नव्हता, खारूताई होती. कारण साधं आहे. पुरुषाचा सूर मुलाच्या पातळीला न्यायचा तर तो दुपटीच्या आसपास वाढवावा लागतो. साधा पिच बदल तारेबरोबर भोपळ्यालाही त्याच प्रमाणात आक्रसतो. पण खऱ्या मुलाच्या तोंडाची पोकळी पुरुषाच्या निम्मी नसते. हे प्रमाण चुकलं की कानाला लगेच कळतं. सूर आणि पोकळी वेगवेगळी हलवणारी साधनंही आहेत, पण आवाज बारीक झाला म्हणजे अभिनय झाला असं नाही.

कॅसेटवरची शिकवणी

नॅन्सी कार्टराइट यांचा जन्म १९५७ मध्ये अमेरिकेतल्या ओहायो राज्यात, डेटन शहरात झाला. वक्तृत्वात त्या शाळेपासून पुढे असत. कॉलेजात असताना डेटनच्या एका रेडिओ स्टेशनवर काम करत होत्या. तिथे आलेल्या एका रेकॉर्ड कंपनीच्या प्रतिनिधीकडून पुढे त्यांना ॲनिमेशन क्षेत्रातल्या लोकांच्या संपर्कांची यादी मिळाली. त्या यादीत डॉज बटलर हे नाव होतं. योगी बेअर आणि हकलबेरी हाउंड या पात्रांचा आवाज म्हणजे हेच बटलर.

नॅन्सी यांनी त्यांना फोन लावला आणि उत्तर नोंदवणाऱ्या यंत्रावर लंडनच्या कॉकनी ढंगात निरोप ठेवला. बटलर यांनी उलट संपर्क केला आणि त्यांना शिष्य करून घेतलं. शिकवणी टपालाने चालायची. ते स्क्रिप्ट पाठवत, नॅन्सी ती कॅसेटवर रेकॉर्ड करून परत पाठवत आणि ते चुका काढून देत. १९७८ मध्ये त्या लॉस एंजेलिसला शिकायला गेल्या. तिथे दर रविवारी बस पकडून त्या बटलर यांच्या घरी जायच्या आणि तासभर शिकायच्या. बटलर यांनीच त्यांना हॅना-बार्बेरा स्टुडिओतल्या दिग्दर्शकांशी भेटवलं. १९८० मध्ये 'रिची रिच' मालिकेतल्या ग्लोरियाचं काम मिळालं आणि पुढची काही वर्षं किरकोळ भूमिकांची गेली.

ही किरकोळ भूमिकांची वर्षं लक्षात ठेवा. एआयचा मुद्दा आला की आपल्याला त्यांची गरज लागणार आहे.

ऐनवेळी बदललेली ऑडिशन

१३ मार्च १९८७. 'द ट्रेसी उलमन शो' या विनोदी कार्यक्रमात मधेमधे दाखवायच्या एक-दोन मिनिटांच्या कार्टूनसाठी आवाज निवडायचे होते. नॅन्सी गेल्या त्या लिसा या मुलीच्या भूमिकेसाठी. तिथे गेल्यावर दिसलं की लिसाचं वर्णन मधली मुलगी एवढंच आहे. शेजारी तिच्या भावाचं वर्णन होतं: शाळेचा तिटकारा असलेला, कोणाला न जुमानणारा, पण हुशार. त्यांनी मालिकेचे जनक मॅट ग्रोनिंग यांना विचारलं, "मी याच्यासाठी वाचू का?" वाचून दाखवलं आणि भूमिका तिथल्या तिथे मिळाली.

गंमत म्हणजे लिसाचा आवाज झालेल्या यर्डली स्मिथ यांना आधी बार्टसाठी विचारलं होतं. त्यांचा आवाज मुलासाठी फारच बारीक वाटला म्हणून त्या लिसा झाल्या.

पहिलं कार्टून १९ एप्रिल १९८७ ला दिसलं. तेव्हाचं रेकॉर्डिंग म्हणजे स्टुडिओतल्या प्रेक्षकांच्या बाकांच्या वर ठेवलेलं एक साधं टेप मशीन. १७ डिसेंबर १९८९ ला 'द सिम्पसन्स' ही अर्ध्या तासाची स्वतंत्र मालिका सुरू झाली. बटलर यांचं निधन मे १९८८ मध्ये झालं, त्यामुळे शिष्येचं हे यश त्यांना पाहता आलं नाही. १९९२ मध्ये नॅन्सी यांना बार्टच्या आवाजासाठी एमी पुरस्कार मिळाला.

बार्टसोबतच त्याला छळणारा नेल्सन, भोळा राल्फ आणि शेजारचा टॉड हे आवाजही त्यांचेच. म्हणजे शाळेच्या मैदानात तीन पोरं भांडत असतात तेव्हा प्रत्यक्षात एकच बाई स्वतःशी भांडत असते.

आधी आवाज, मग चित्र

बऱ्याच जणांना वाटतं की चित्रं तयार होतात आणि मग कलाकार त्यावर आवाज चढवतात. अमेरिकी ॲनिमेशनमध्ये सहसा उलटं होतं. टप्पे असे:

१. टेबल रीड: सगळे कलाकार टेबलाभोवती बसून स्क्रिप्ट वाचतात. विनोद कुठे पडतोय ते लेखक टिपतात.
२. रेकॉर्डिंग: एकेक ओळ तीन-चार प्रकारे म्हटली जाते. दिग्दर्शक त्यातून निवडतो.
३. स्टोरीबोर्ड आणि ॲनिमॅटिक: निवडलेल्या आवाजावर कच्ची रेखाटनं बसवून संपूर्ण भाग ढोबळपणे पाहिला जातो.
४. ॲनिमेशन: सिम्पसन्सचं बरंचसं चित्रकाम दक्षिण कोरियातल्या स्टुडिओंमध्ये होतं. सेकंदाला २४ फ्रेम असतात आणि बऱ्याचदा एक चित्र दोन फ्रेम टिकवतात, म्हणजे सेकंदाला १२ चित्रं.
५. संगीत, ध्वनी आणि अंतिम जोडणी.

याचा अर्थ कलाकार बूथमध्ये उभी असते तेव्हा समोर हलतं चित्र नसतं. बार्ट किती वेळ थांबेल, कुठे धाप लागेल, शब्द कसा चावून म्हणेल हे तिथे ठरतं आणि चित्रकार मग त्याबरहुकूम चेहरा काढतो. म्हणूनच नॅन्सी यांनी चित्राला नुसता आवाज जोडला असं म्हणणं अपुरं आहे. पात्राच्या हालचालीची वेळही त्यांच्या गळ्यातून आली आहे.

ओठांचं काय? इथे आपली वर्णमाला कामाला येते. कंठ्य, तालव्य, मूर्धन्य, दंत्य, ओष्ठ्य असं शाळेत घोकलेलं आठवतं ना? 'क' आणि 'ग' घशापाशी तयार होतात, बाहेरून फारसे दिसत नाहीत. 'प', 'ब', 'म' मात्र ओठ मिटल्याशिवाय होतच नाहीत. 'आ' ला तोंड उघडतं, 'ऊ' ला ओठांचा चंबू होतो. दिसायला सारखे असलेले उच्चार एकत्र केले की मोजकेच तोंडाचे आकार पुरतात. तांत्रिक भाषेत त्यांना 'व्हिझीम' म्हणतात. चित्रकाराकडे प्रत्येक पात्राच्या या आकारांचा तक्ता असतो आणि आवाज ऐकून कोणत्या फ्रेमला कोणता आकार लावायचा ते ठरतं.

डबिंगमध्ये उलटी गंगा

मुंबईतल्या डबिंग स्टुडिओत हेच सगळं उलट्या क्रमाने होतं. चित्र आधीच तयार, ओठ आधीच हललेले. कलाकार कानात मूळ भाषेतली ओळ ऐकतो, डोळा पडद्यावर ठेवतो आणि तेवढ्याच वेळात आपली ओळ बसवतो. खरी कसोटी संवादलेखकाची. पात्र जवळून दिसत असताना इंग्रजीत 'मॉम' म्हणालं तर ओठ मिटतात, उघडतात, पुन्हा मिटतात. तिथे 'आई' लिहिलं तर ओठ मिटतच नाहीत, 'मम्मी' बसतं. 'नो' च्या जागी 'नाही' म्हटलं तर ओठ फाकतात, 'नको' म्हटलं तर शेवट गोल होतो. अर्थ तोच, पण पडद्यावर एक खोटं वाटतं आणि दुसरं खरं.

बूथमध्ये न जाण्याची ताकद

आता पैशांकडे वळू. प्रसिद्ध झालेल्या बातम्यांनुसार सिम्पसन्सच्या सहा मुख्य कलाकारांचं प्रत्येकी, प्रत्येक भागामागचं मानधन असं बदलत गेलं:

- १९९८ पर्यंत: ३०,००० डॉलर
- १९९८ च्या वादानंतर: १,२५,००० डॉलर
- २००४ च्या वादानंतर: २,५०,००० ते ३,६०,००० डॉलरच्या दरम्यान
- २००८ मध्ये: ४,००,००० डॉलर
- २०११ मध्ये कपात होऊन: ३,००,००० डॉलर

हे आकडे अपवाद आहेत. जगभरातल्या बहुतेक आवाज कलाकारांना असले पैसे स्वप्नातही दिसत नाहीत. पण आकड्यांपेक्षा ते वाढले कसे ते बघा. १९९८ मध्ये कलाकार अडून बसले तेव्हा फॉक्स कंपनीने नवे आवाज शोधायची तयारी चालवली होती. २००४ मध्ये सहाही जण टेबल रीडला गेलेच नाहीत. महिन्याभराने तडजोड झाली. कंपनीने सरळ दुसरे कलाकार का घेतले नाहीत? कारण प्रेक्षकाच्या कानाला फसवणं अवघड होतं. लाखो घरांत तो आवाज ओळखीचा झाला होता.

थोडक्यात, कलाकाराची सगळी ताकद एका गोष्टीत होती: नवा संवाद हवा असेल तर तिला बूथमध्ये यावंच लागेल.

आवाज बदलता येतच नाही असंही नाही. 'रगरॅट्स' मधल्या चकी या मुलाचा आवाज क्रिस्टीन कॅव्हनॉ देत असत. त्यांनी निवृत्ती घेतल्यावर २००२ पासून तो नॅन्सी यांनीच दिला. पण तिथे मूळ कलाकार स्वतःहून थांबली होती आणि तिच्या जागी दुसऱ्या माणसाने, कानाने ऐकून, मेहनतीने तो आवाज उभा केला. त्या कामाचे पैसेही माणसालाच मिळाले.

गळा तिचा, बार्ट कोणाचा?

आपल्याकडचं एक उदाहरण घेऊ. शब्दभ्रमकार रामदास पाध्ये आणि अर्धवटराव. बाहुला पाध्यांचा, आवाजही पाध्यांचा, त्यामुळे वाद नाही. टीव्हीच्या कार्टूनमध्ये या दोन गोष्टी वेगळ्या झालेल्या असतात. गळा नॅन्सी यांचा, पण बार्ट कंपनीचा. आधी फॉक्सचा आणि २०१९ पासून डिस्नेचा.

२००९ मध्ये हा फरक उघड झाला. नॅन्सी यांनी आपल्या धर्मसंस्थेच्या कार्यक्रमाचं आमंत्रण देणाऱ्या रेकॉर्डेड फोन संदेशात बार्टचा आवाज वापरला. मालिकेचे निर्माते अल जीन यांनी लगेच जाहीर केलं की याला आमची परवानगी नव्हती. स्वतःच्याच गळ्यातून निघणारा आवाज, पण तो हवा तिथे वापरायची मोकळीक नाही! कंपनीची बाजूही समजण्यासारखी आहे, कारण पात्र त्यांनी पैसे घालून उभं केलं. पण आजवर हे दोन मालक एकमेकांवर अवलंबून होते. पात्राशिवाय तिचा तो आवाज बाजारात चालत नव्हता आणि तिच्याशिवाय पात्र मुकं होतं.

एआयने नेमकं काय हलवलं?

आवाजाच्या क्लोनिंगचे दोन प्रकार समजून घ्या.

पहिला, मजकुरातून आवाज. तुम्ही वाक्य टाइप करता आणि मॉडेल ते विशिष्ट व्यक्तीच्या आवाजात म्हणतं.

दुसरा, आवाजातून आवाज. इथे एक माणूस बोलतो आणि मॉडेल त्याच्या बोलण्याचे तीन पदर वेगळे करतं: शब्द कोणते, ते म्हणण्याची लय आणि चढउतार कसे, आणि आवाजाचा पोत कोणाचा. मग पहिले दोन तसेच ठेवून पोत बदलतं. तंबोऱ्याच्या भाषेत सांगायचं तर वाजवणारा दुसराच, भोपळा मात्र तुमचा. पोत शिकायला आजच्या साधनांना फार मोठं रेकॉर्डिंग लागत नाही, आणि जुन्या मालिकेच्या कलाकाराचे तर शेकडो तास साठवलेले असतात.

"पण यंत्राला अभिनय येत नाही" असं म्हणून बरेच जण निश्चिंत होतात. मला ते पटत नाही. दुसऱ्या प्रकारात यंत्राने अभिनय करायची गरजच नाही. तो एखाद्या कमी पैसे घेणाऱ्या कलाकाराकडून करून घेता येतो आणि वर ओळखीचा पोत चढवता येतो. म्हणजे १९९८ मध्ये कंपनीला जी अडचण होती, प्रेक्षकाचा कान, तीच अडचण हे तंत्रज्ञान दूर करू शकतं. सिम्पसन्सबाबत असं झालंय असं मी म्हणत नाही. पण मोलभाव करताना पलीकडे बसलेल्याला हा पर्याय माहीत असणं एवढंही पुरेसं असतं.

दुसरा धोका कमी दिसतो. गर्दीतला आवाज, दुकानदार, दोन ओळींचं शेजारचं पोर, ही कामं आधी यंत्राकडे जातील. कोणी तक्रारही करणार नाही. पण नॅन्सी यांनी १९८० पासून १९८७ पर्यंत अशीच लहान कामं करून हात बसवला होता. खालच्या पायऱ्या काढून टाकल्या तर वर कोण चढणार?

संमतीने केलेलं क्लोनिंगही आहे. डार्थ व्हेडरचा आवाज असलेल्या जेम्स अर्ल जोन्स यांनी हयातीत परवानगी दिली आणि २०२२ च्या 'ओबी-वान केनोबी' मालिकेत युक्रेनच्या रिस्पीचर या कंपनीने त्यांचा आवाज तयार केला. म्हणजे प्रश्न तंत्रज्ञान वापरावं की नाही एवढाच नाही. विचारलं का, कशासाठी, आणि पैसे कोणाला हा आहे.

कायदा कुठवर आला?

अमेरिकेत २०२३ मध्ये कलाकारांच्या 'सॅग-आफ्ट्रा' संघटनेने ११८ दिवस संप केला. डिजिटल प्रतिकृतीसाठी संमती आणि मोबदला ही त्यातली एक मोठी मागणी होती. व्हिडिओ गेमच्या आवाज कलाकारांनी याच कारणासाठी जुलै २०२४ मध्ये वेगळा संप सुरू केला. त्याच वर्षी कॅलिफोर्नियाने कायदा केला: डिजिटल प्रतिकृती कशासाठी वापरणार हे करारात नीट लिहिलेलं नसेल आणि कलाकाराच्या बाजूने वकील किंवा संघटना नसेल, तर ते कलम लागू होणार नाही.

भारतात यासाठी खास वेगळा कायदा नाही. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यातलं कलम ३८ कलाकाराच्या सादरीकरणाला संरक्षण देतं, पण आवाजाचा पोत म्हणजे सादरीकरण नव्हे. ही फट न्यायालयं व्यक्तिमत्त्वाच्या हक्कातून बुजवत आहेत. मुंबई उच्च न्यायालयाने जुलै २०२४ मध्ये अरिजीत सिंह यांच्या आणि २०२५ मध्ये आशा भोसले यांच्या बाजूने, परवानगीशिवाय आवाजाची एआय नक्कल करण्याविरुद्ध अंतरिम आदेश दिले. पण हे दोघं जगप्रसिद्ध. ज्यांचा आवाज घराघरांत आहे पण नाव कोणालाच माहीत नाही, त्या डबिंग कलाकारांना हे संरक्षण किती मिळेल हा खरा प्रश्न आहे.

या क्षेत्रात यायचं असेल तर

डबिंग, ऑडिओबुक किंवा जाहिरातीसाठी आवाज देणार असाल, तर सही करण्याआधी करारात एवढं तपासा:

- रेकॉर्डिंग फक्त याच कामासाठी आहे की इतरत्रही वापरता येईल?
- 'सर्व माध्यमांत, कायमस्वरूपी, भविष्यातील तंत्रज्ञानासह' असे शब्द आहेत का? असतील तर एआय वगळल्याचं स्पष्ट लिहून मागा.
- मॉडेलला शिकवण्यासाठी रेकॉर्डिंग वापरणार असतील तर त्याचे वेगळे पैसे आणि मुदत लिहिली आहे का?
- "आवाजाचे नमुने" म्हणून तासन्‌तास सपाट वाक्यं वाचून घेत असतील तर सावध व्हा. भूमिकेच्या चाचणीला एवढं लागत नाही.

पहिल्या प्रश्नाचं माझं उत्तर असं: माणसांची गरज संपलेली नाही, पण ती गरज सिद्ध करायचं त्यांचं जुनं साधन, "मी आले नाही तर काम अडेल" हे, कमजोर झालंय. त्याची जागा आता करारातल्या शब्दांना घ्यावी लागेल.